कॉम्प्युटर नसलेल्या घरासाठी कॉम्प्युटरचं पुस्तक: प्रकल्प नोंदी, सोलापूर

१६ जून २०२५

आज शाळा सुरू झाल्या, आमचं कामही सुरू झालं. तिसरी ते पाचवीच्या मुलांसाठी, कॉम्प्युटर आतून कसा चालतो ते सांगणारं ३२ पानी मराठी पुस्तक. दोन फॉर्मे (सोळा पानांचा एक), मध्ये पिन, पूर्ण रंगीत. मजकूर माझा, चित्रं मैत्रिणीची. वर्गात वापरून बघायला शहराच्या पूर्व भागातल्या, विणकरांच्या वस्तीतल्या एका शाळेतल्या चौथीच्या बाई तयार आहेत. छपाईचा खर्च एका देणगीदारांनी कबूल केलाय.

नव्या पेठेतल्या दुकानांत मुलांसाठी कॉम्प्युटरवर मराठीत काय मिळतं ते चाळून आले. बहुतेकांचा साचा एकच. पहिल्या पानावर ‘संगणक हे एक इलेक्ट्रॉनिक यंत्र आहे’. दुसऱ्या पानावर बाण काढलेली आकृती: मॉनिटर, कीबोर्ड, माऊस, आणि डब्याला ‘सीपीयू’ म्हणून बाण. (सीपीयू म्हणजे डबा नव्हे, डब्याच्या आत बसलेली बोटभर चिप. पण पिढ्यान् पिढ्या डब्यालाच बाण.) मग लघुरूपांची पूर्ण रूपं, मग रिकाम्या जागा भरा. मुलाच्या डोक्यात यातलं काय उरतं? ‘रॅम’ची तीन इंग्रजी अक्षरं कशाची, एवढंच.

बाईंनी वर्गात हात वर करायला सांगितले. मोबाईल सगळ्यांच्या घरी, कॉम्प्युटर असलेली घरं हाताच्या बोटांवर. ज्याच्या घरी माऊसच नाही त्याला माऊसला बाण जोडायला लावायचा, हे मला पटत नाही.

ठरलं: बाणांची आकृती नाही, पूर्ण रूपं नाहीत. प्रत्येक जोडपानावर कागद-पेन्सिलीने करून बघायचं काहीतरी असेल, आणि ते बरोबर आलं की चुकलं हे मुलाला स्वतःला कळेल. उत्तर बाईंना विचारायला लागलं तर ते पान बाद.

२२ जून

बाहेरच्यांनी हे कसं केलंय ते बघतेय. १९७१ साली ब्रिटनमध्ये लेडीबर्डने ‘हाऊ इट वर्क्स’ मालिकेत कॉम्प्युटरवर एक छोटं पुस्तक काढलं. (आपला ‘किशोर’ सुरू झाला तेही १९७१ मध्येच.) चित्रात कपाटांएवढी यंत्रं, टेपची रिळं, छिद्रांची कार्डं. आठ वर्षांत ते इतकं जुनं वाटू लागलं की १९७९ मध्ये सुधारून पुन्हा काढावं लागलं. पण शून्य आणि एक वापरून आकडे कसे लिहितात ते सांगणारी पानं आजच्या मुलाच्या हातात दिली तरी चालतील. कपाटं गेली, बेरीज राहिली.

या प्रकाशनाची हिशेबी बाजूही पक्की होती. त्यांचं नेहमीचं ५६ पानी पुस्तक छपाईच्या एकाच मोठ्या कागदातून निघायचं, कागद वाया जात नसे, आणि अडीच शिलिंग ही किंमत त्यांनी १९४० पासून जवळजवळ तीस वर्षं टिकवली. आपल्यालाही दोन फॉर्म्यांच्या बाहेर जायचं नाही ते याच कारणाने. चार पानं वाढवली की किंमत अशी वाढते की बापाचा खिशातला हात खिशातच राहतो.

मग १९८२-८३च्या आसपासची अझबॉर्न या ब्रिटिश प्रकाशनाची पुस्तकं. पानभर छोटे रंगीत रोबो, आणि मुलांनी स्वतः टाईप करायचे ‘बेसिक’ या प्रोग्रॅमिंगच्या भाषेतले खेळ. अडचण अशी की तेव्हा घराघरांत वेगवेगळं मशीन: कुणाकडे झेडएक्स ८१, कुणाकडे स्पेक्ट्रम, कुणाकडे बीबीसी मायक्रो. प्रत्येकाचं बेसिक थोडं वेगळं. म्हणून प्रोग्रॅममधल्या काही ओळींशेजारी खुणा असत: तुमचं मशीन अमुक असेल तर ही ओळ अशी लिहा. यातला बीबीसी मायक्रो आपल्याकडेही आला होता. १९८४ साली केंद्र सरकारच्या ‘क्लास’ प्रकल्पात निवडक शाळांना तोच दिला गेला.

ही जुनी पुस्तकं प्रकाशकाने आता फुकट पीडीएफ म्हणून ठेवली आहेत. वाचताना मजा येते, पण टाईप करायला ते मशीनच नाही. जे पुस्तक एका ठराविक मशीनला बांधलं ते त्या मशीनबरोबर गेलं. आपल्या पुस्तकात विंडोज नको, कुठलं ॲप नको, आयकॉनसुद्धा नको.

३० जून

फिनलंडच्या लिंडा लिउकास यांचं ‘हॅलो रुबी’. २०१४ मध्ये त्यांनी लोकवर्गणीसाठी दहा हजार डॉलर मागितले आणि तीन लाख ऐंशी हजारांच्या वर जमले. गोष्टीत रुबी नावाची मुलगी, मागच्या भागात करून बघायच्या कृती, आणि कोडची एकही ओळ नाही. चित्रं त्यांनी स्वतः काढलेली.

मैत्रीण म्हणाली, आपणही एक मुलगी घेऊ. मला ते नको वाटतं. नऊ वर्षांच्या मुलाला करायला काम दिलं की तोच नायक होतो. हा वाद अजून मिटलेला नाही.

न्यूझीलंडच्या टिम बेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा ‘सीएस अनप्लग्ड’ जास्त जवळचा वाटला. कॉम्प्युटर न वापरता कॉम्प्युटरचं शास्त्र, सगळं पत्त्यांवर आणि दोरीवर. त्यातल्या दोन कृती घ्यायच्या हे नक्की.

८ जुलै

आषाढीची गर्दी ओसरल्यावर अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत एका चादरीच्या कारखान्यात गेले. बाईंच्या वर्गातल्या एका मुलाचे आजोबा तिथे जुने कारागीर आहेत. सगळे त्यांना काकाच म्हणतात.

यंत्रमागाच्या वर जेकार्ड, म्हणजे नक्षीसाठी धागे उचलणारं यंत्र, बसवलेलं. त्यावरून छिद्रं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ फिरते, प्रत्येक पुठ्ठा पुढच्याला दोऱ्याने ओवलेला, कोपऱ्यात नंबर. आडवा धागा घेऊन धोटा एकदा इकडून तिकडे गेला की माळ एक पुठ्ठा पुढे सरकते. जिथे छिद्र आहे तिथली सुई आत जाते आणि तिचा उभा धागा वर उचलला जातो. छिद्र नसेल तिथे पुठ्ठा सुईला ढकलतो, धागा खालीच राहतो. बस्स, यापलीकडे काही नाही. छिद्र आहे किंवा नाही. एक किंवा शून्य. आणि त्यातून चादरीवर मोर.

कारखान्यात बोलणं म्हणजे ओरडणं. काकांनी बाहेर चहाच्या टपरीवर नेलं आणि नीट सांगितलं. नक्षी आधी ग्राफच्या कागदावर रंगवायची, एक घर म्हणजे एक धागा. मग ग्राफ बघून पुठ्ठ्याला भोकं पाडायची.

‘आणि भोक चुकीचं पडलं तर?’

‘पडलं तर कागद चिकटवून बुजवायचं ओ ताई. नाही बुजवलं तर प्रत्येक चादरीत त्याच जागी तोच धागा वर येतो. माणसाची चूक एकदा होते, कार्डाची रोज होते.’

शेजारच्या शेडमध्ये नवं इलेक्ट्रॉनिक जेकार्ड आहे. पुठ्ठे नाहीत, नक्षीची फाईल चढवली की झालं. धागा उचलायचं काम मात्र तेच.

या मागाचा कॉम्प्युटरशी संबंध ओढूनताणून जोडायला लागत नाही. फ्रान्समधल्या लियाँच्या जोसेफ मारी जकारने १८०४ च्या सुमाराला ही कार्डांची युक्ती बसवली. त्याच्याच नावावरून ‘जेकार्ड’. १८३९ मध्ये त्याचंच एक चित्र रेशमात विणलं गेलं, त्याला २४,००० कार्डं लागली. त्या चित्राची एक प्रत इंग्लंडमधल्या चार्ल्स बॅबेज या गणितज्ञाने मिळवली होती, आणि आपल्या गणनयंत्राला हुकूम द्यायला हीच कार्डं घ्यायचं त्याने आधीच ठरवलेलं होतं. १८४३ मध्ये एडा लव्हलेसने त्या यंत्राबद्दल लिहिताना जकारच्या मागाचंच उदाहरण दिलं: तो फुलं-पानं विणतो, हे बीजगणिताची नक्षी विणेल.

पूर्व भागातल्या पोराला हे यंत्र रोज खिडकीतून ऐकू येतं. पुस्तकाची सुरुवात इथूनच. मॉनिटरपासून नाही.

१५ जुलै

पान ४-५चा कच्चा आराखडा. मुलांनी रंगीत कागदाच्या पट्ट्या कापायच्या, आठ उभ्या, आठ आडव्या. पानावर शून्य-एकच्या आठ ओळी. एक असेल तिथे उभी पट्टी वर, शून्य असेल तिथे खाली. पहिली नक्षी साधी, १०१०१०१० आणि तिच्याखाली उलट. दुसरी तिरक्या रेघांची. तिसऱ्या जागी मैत्रिणीने हसरा चेहरा काढला.

काकांना दाखवला. त्यांनी एका ओळीवर बोट ठेवलं: ‘इथं सलग सहा घरं मोकळी सोडलीत. धागा लोंबणार. बोट अडकलं की नक्षी उसवली.’ त्यांनी स्वतः पेन्सिल घेऊन मध्येमध्ये ठिपके टाकले, म्हणजे धागा कुठे ना कुठे बांधला जाईल. चेहऱ्याला देवीचे व्रण आल्यासारखे दिसले, पण पट्ट्या विणून पाहिल्यावर चेहरा घट्ट बसला. ठिपक्यांसकट छापायचा. ठिपके का, हे पानाच्या तळाला दोन ओळींत.

५ ऑगस्ट

अक्षरांचं पान. सगळ्यात जास्त वेळ यालाच जाणार असं दिसतंय, आणि जाऊ दे.

कॉम्प्युटरला अक्षर कळत नाही, आकडा कळतो. हे वाक्य सगळ्या पुस्तकांत असतं आणि उदाहरण नेहमी इंग्रजी ‘ए’चं, ६५. मराठी पुस्तकात ६५ कशाला? युनिकोडमध्ये, म्हणजे जगभरच्या लिप्यांतल्या अक्षरांना ठरवून दिलेल्या आकड्यांच्या यादीत, ‘क’चा आकडा २३२५ आहे. देवनागरीला २३०४ ते २४३१ अशी १२८ घरं दिलेली आहेत, आणि आपली सगळी अक्षरं, मात्रा आणि अनुस्वारासकट, त्यात बसतात.

२३२५ शून्य-एकमध्ये लिहिलं तर १००१०००१०१०१. बारा घरं. आता गंमत: १२८ घरांपैकी कुठलंही अक्षर घ्या, पहिली पाच घरं १००१० अशीच येतात, फक्त पुढची सात बदलतात. मैत्रिणीने ग्राफवर आपल्या नावाची अक्षरं एकाखाली एक रंगवली तर डाव्या बाजूला सरळ पट्टे आले आणि उजवीकडे नक्षी. साडीला काठ आणि अंग असतं तसं. प्रत्येक मराठी नावाला तोच काठ, अंग मात्र ज्याचं त्याचं.

लगेच कागदाच्या पट्ट्यांनी विणायला बसलो, तर काठ निघूनच येतो. जी उभी पट्टी प्रत्येक ओळीत वरच आहे ती कुठेच अडकत नाही. म्हणून नावं विणायची नाहीत, ग्राफवर रंगवून पुस्तकात ठेवायची खूणपट्टी करायची. मुलांना २३०४ मिळवत बसायला नको म्हणून तक्त्यात फक्त त्याच्या वरचा आकडा: क म्हणजे २१, म म्हणजे ४६, र म्हणजे ४८. सात घरांत बसवायचा.

७ ऑगस्ट

त्याच पानाची दुसरी बाजू. ‘कि’ लिहिताना आपण वेलांटी आधी काढतो. कॉम्प्युटर आधी ‘क’चा आकडा ठेवतो, मग वेलांटीचा, आणि पडद्यावर चितारताना वेलांटी उचलून पुढे, म्हणजे अक्षराच्या डावीकडे, नेतो. ‘क्ष’ आपल्याला एक अक्षर वाटतं. आत तीन आकडे आहेत: क, पाय मोडल्याची खूण, ष. मोबाईलवर ‘क्ष’ लिहून खोडायचं बटण एकेकदा दाबलं तर बऱ्याच फोनवर आधी ष जातो आणि पाय मोडलेला क् उरतो. ही कृती घरच्या मोबाईलवर होते. पुस्तकात मोबाईल येतो तो एवढ्यापुरताच.

मुलांना प्रश्न: ‘क्षितिज’ या नावात कॉम्प्युटर किती आकडे ठेवेल? (सात. क, पायमोडीची खूण, ष, वेलांटी, त, वेलांटी, ज. पानावर उत्तर उलटं छापायचं.)

२० ऑगस्ट

चौथीच्या वर्गात पहिली चाचणी. सोळा, आठ, चार, दोन, एक ठिपक्यांचे पाच पुठ्ठे, पाच मुलं रांगेत. बाई जन्मतारीख विचारतात, मुलं आपापला पुठ्ठा दाखवतात किंवा पाठ फिरवतात, ठिपक्यांची बेरीज तारीख. पाच पुठ्ठ्यांची जास्तीत जास्त बेरीज ३१, आणि महिन्यात ३१ हून जास्त दिवस नसतात, म्हणून कुणीही उरत नाही. २९ला सगळ्यात जास्त गोंधळ. फक्त दोनच्या पुठ्ठ्याने पाठ फिरवायची होती, पण पाठ फिरवायला कुणी तयार होईना.

नंतर पत्त्यांची जादू. मुलांनी पाच बाय पाच पत्ते कसेही मांडायचे, काही सुलटे, काही उलटे. ‘जरा अवघड करते’ म्हणून आपण एक ओळ आणि एक उभी रांग वाढवायची, अशी की प्रत्येक ओळीत आणि रांगेत सुलट्या पत्त्यांची संख्या सम होईल. आपण पाठ केली की एकाने एक पत्ता उलटवायचा. जी ओळ आणि जी रांग विषम झाली, त्यांच्या छेदावर चोर. कॉम्प्युटरला निरोप पोचताना एखादा एक चुकून शून्य झाला तर अशाच जादा खुणांवरून कळतं.

मागच्या बाकावरच्या एकाने गुपचूप दोन पत्ते उलटवले, एकाच ओळीतले. ओळ समच राहिली, दोन उभ्या रांगा विषम. म्हटलं, दोन उलटवलेस, पण कुठल्या ओळीतले ते सांगता येत नाही. वर्गात टाळ्या त्याला. बाईंनी ती जागा माझ्या प्रतीवर अधोरेखित केली: ‘हे पुस्तकात घाला. जादू कुठे संपते तेही.’ घालते.

१८ सप्टेंबर

बारकोडचं पान. बिस्किटाच्या पुड्यावर, वहीवर, साबणावर १३ आकडे असतात. सुरुवात ८९० असेल तर तो नंबर भारतातून नोंदवलेला. पहिला आकडा तसाच, दुसरा तीनपट, तिसरा तसाच, चौथा तीनपट, असं करत सगळ्यांची बेरीज दहाच्या पटीत यायलाच हवी. शेवटचा आकडा फक्त त्यासाठी असतो. मुलांना लक्षात राहील असा सरावाचा नंबर सापडला: ८९०१२३४५६७८९०. बेरीज १३०.

दप्तरातल्या सगळ्या वस्तू बाकावर निघाल्या. आकडा एक बदलला की बेरीज बिघडते, हे प्रत्येकाने करून पाहिलं. मग शेजारशेजारच्या दोन आकड्यांची अदलाबदल. बेरीज बिघडली. सगळ्यांची बिघडली, एका मुलीची सोडून. तिच्या पुड्यावर २ आणि ७ शेजारी होते, ते तिने उलटे लिहिले आणि बेरीज पुन्हा दहाच्या पटीतच. बाईंनी तपासली, मी तपासली. शेजारच्या दोन आकड्यांतला फरक पाच असेल तर अदलाबदलीने बेरीज नेमकी दहाने बदलते, म्हणून यंत्राला ती चूक दिसत नाही. १ आणि ६, २ आणि ७, ४ आणि ९. तिने मधल्या सुट्टीत सगळ्या जोड्या काढून आणल्या, ० आणि ५ धरून.

पानाचा मथळा बदलला: ‘यंत्राला न दिसणारी चूक शोधा’. आपल्या पुस्तकाचा आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा १३ आकडी नंबर, मागच्या पानावर मोठ्या अक्षरात छापायचा, मुलं तोही तपासतील.

१० ऑक्टोबर

दिवाळीआधी पहिलं प्रूफ आलं. ज्या दुकानात पानं लावायला दिली तिथे सगळं काम अजून जुन्या, युनिकोड नसलेल्या फाँटांत चालतं. माझा मजकूर युनिकोडमध्ये. त्यांनी सॉफ्टवेअरमध्ये चिकटवला आणि छापून पाठवला. प्रत्येक पहिली वेलांटी अक्षराच्या मागे, प्रत्येक जोडाक्षर फुटलेलं. पान ११ वर लिहिलंय, ‘कॉम्प्युटर वेलांटी उचलून पुढे नेतो’, आणि त्याच पानावरच्या ‘कि’ची वेलांटी मागे लोंबतेय.

उपाय एका क्लिकचा निघाला. परिच्छेद जुळवण्याची जी पद्धत सॉफ्टवेअरमध्ये आधीपासून निवडलेली असते ती फक्त इंग्रजीसारख्या लिप्यांसाठी. भारतीय लिप्यांची वेगळी निवडावी लागते. फाँट ‘एक टाइप’ या मुंबईच्या संस्थेचा ‘बालू’, मुक्त परवान्याचा, मथळ्यांसाठी.

मैत्रीण म्हणाली, फुटलेल्या प्रूफचा तुकडा पान ११ वर चित्र म्हणून टाकू. टाकला.

३ नोव्हेंबर

२०२६-२७ पासून तिसरीपासूनच्या वर्गांना एआय आणि संगणकीय विचार शिकवायचे, अशी केंद्राची घोषणा आल्यापासून फोन वाढलेत. देणगीदारांचं म्हणणं: मुखपृष्ठावर ‘एआय’ हवं, शक्य तर रोबो. दोन कपबशा चहा होईपर्यंत बोललो. मुखपृष्ठावर माग राहील, आत एआयचं एक जोडपान येईल, यावर जमलं.

त्या जोडपानावर एक खेळ. एक मूल ‘यंत्र’. बाकीचे त्याला झाडाची पानं दाखवतात आणि फक्त हो किंवा नाही म्हणतात, कारण सांगायचं नाही. यंत्राने पुढच्या पानाचा अंदाज करायचा. आम्ही आंब्याच्या पानांना हो म्हणत होतो, पण दाखवलेली आंब्याची पानं सगळी लांब आणि बाकीची सगळी छोटी होती. यंत्र झालेल्या मुलाने अशोकाच्या पानालाही ठामपणे हो म्हटलं. त्याचं काय चुकलं? काहीच नाही. आम्ही दाखवलेलं तेवढंच होतं. एआयबद्दल चौथीला याहून जास्त सांगायची गरज मला तरी वाटत नाही.

जागा करायला इतिहासाची दोन पानं काढली. त्यातलं एक चित्र फक्त वाचवलं: मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत १९६० मध्ये चालू झालेला टिफ्रॅक. आर. नरसिंहन यांच्या चमूने बांधलेला, खोली व्यापणारा, देशात घडवलेला पहिला मोठा कॉम्प्युटर. शेजारी त्याच मापात पाचवीची मुलगी उभी.

गोष्टीतली नायिका मात्र गेली. मैत्रिणीनेच काढली, जागा नाही म्हणून. मी काही बोलले नाही.

१२ डिसेंबर

परवाना: सीसी बाय ४.०. कुणीही छापावं, बदलावं, विकावं, फक्त नाव द्यावं. प्रथम बुक्सच्या स्टोरीवीव्हर या वेबसाइटवरची पुस्तकं याच परवान्याची, तिथेही चढवायचं. कागद मॅपलिथो घेतला, आर्ट पेपर नाही. आर्ट पेपरवर पेन्सिल घसरते, आणि या पुस्तकात लिहायचंच आहे.

१९ जानेवारी २०२६

सिद्धेश्वराच्या गड्डा जत्रेचे मुख्य दिवस आटोपले, छापखाना पुन्हा जागेवर आला. पानं गेली.

छापून येण्याआधीच पुढचं काम समोर आलंय. बाईंच्या वर्गातली निम्मी मुलं घरी तेलुगू बोलतात. त्यांच्या आज्यांना मराठी वाचता येत नाही, आणि खूणपट्टी आजीलाच दाखवायची असते. तेलुगू आवृत्ती करू, असं बाईच म्हणाल्या. त्यांना दोन्ही लिप्या येतात.

आज त्यांच्याबरोबर तक्ता लावायला बसले. तेलुगू ‘क’चा आकडा ३०९३. मराठी ‘क’चा २३२५. फरक ७६८. ‘म’ घेतला: २३५० आणि ३११८, फरक ७६८. ‘ळ’ घेतला, तोच फरक. हे योगायोगाने झालेलं नाही. १९८०च्या दशकात भारतीय लिप्यांसाठी इस्की नावाचं मानक बसवताना सगळ्या लिप्यांतली सारखी अक्षरं सारख्या जागी ठेवली गेली, आणि युनिकोडने तीच मांडणी उचलली. कन्नडसाठी ७६८ ऐवजी ८९६. सोलापुरात तिन्ही लागतात.

म्हणजे मुलाने स्वतःच्या नावाच्या प्रत्येक आकड्यात ७६८ मिळवले की नाव तेलुगूत. बाईंनी वहीवर स्वतःचं नाव करून पाहिलं, मग नवऱ्याचं. ग्राफवर रंगवल्यावर तेलुगूचा काठ मात्र वेगळा आला, ११०००. उजवीकडची सात घरं जशीच्या तशी.

अडचण पान ११ची. तेलुगूत वेलांटी अक्षराच्या डोक्यावर बसते, पुढे जात नाही, त्यामुळे ‘कि’चं उदाहरण तिथे चालत नाही. जोडाक्षरात दुसरं अक्षर पहिल्याच्या खाली लटकतं, ते घेता येईल असं बाई म्हणतायत. ‘क्ष’ घ्यायचा की आणखी सोपं काही, ते त्या शनिवारी वर्गात विचारून सांगणार आहेत. तोवर मी ७६८च्या तक्त्याचं जोडपान लावते. मराठीच्या दुसऱ्या छपाईतही ते जाईल, टिफ्रॅकच्या समोर जागा आहे.